हजेरीचं नाणं

मोबाईलवरचा जवळजवळ कुठलाही ऑनलाइन खेळ उघडला की खेळाआधी एक चौकट येते. सात दिवसांचे सात खण, त्यातला आजचा उजळलेला. त्यावर बोट टेकवलं की खळखळ आवाज करत नाणी वरच्या कोपऱ्यातल्या थैलीत जाऊन पडतात. अजून एक गोळी झाडलेली नसते, एक शेत नांगरलेलं नसतं. नुसतं आल्याबद्दल मिळालेले हे पैसे. उद्या या, थोडे जास्त मिळतील. सातव्या दिवशी मोठी पेटी.

मुलांना यात काही नवल वाटत नाही, कारण त्यांनी याहून वेगळा खेळ पाहिलेलाच नाही. पण येण्याबद्दल खेळाडूला पैसे द्यावेत, ही कल्पना कुणीतरी पहिल्यांदा केली, आणि ती का केली हे कळलं की पुढची चाळीस वर्षं उलगडत जातात.

हजेरीच्या नाण्याचं मूळ मी १९८६ सालच्या ‘हॅबिटॅट’मध्ये धरतो. ‘स्टार वॉर्स’ बनवणाऱ्या लुकासफिल्मच्या खेळ विभागात चिप मॉर्निंगस्टार आणि रँडी फार्मर यांनी ते उभं केलं. घराघरांतले कमोडोर ६४ संगणक टेलिफोनच्या तारेने ‘क्वांटमलिंक’ या सेवेला जोडायचे (ती चालवणारी कंपनी पुढे अमेरिका ऑनलाइन झाली) आणि त्या तारेपलीकडे एक गाव होतं. प्रत्येक माणसाची तिथे एक आकृती, आकृतीला राहायला घर, गल्ल्या, दुकानं, गावाचं वर्तमानपत्र. त्याआधी, १९७८ साली, इंग्लंडमधल्या एसेक्स विद्यापीठात रॉय ट्रबशॉ आणि रिचर्ड बार्टल यांनी सुरू केलेल्या ‘मड’ या अक्षरी खेळात खजिना सापडायचा, पण तो दलदलीत टाकून गुण मिळवायचे. पैसा असा नव्हताच. हॅबिटॅटमध्ये तो आला. नाव टोकन.

गावात माणूस जन्माला आला की त्याच्या खात्यावर २,००० टोकन जमा व्हायचे. आणि त्यानंतर ज्या ज्या दिवशी तो गावात पाऊल टाकेल, त्या त्या दिवशी आणखी १००. काम काही नाही, अट काही नाही. कारण साधं होतं: गावात कारखाना नव्हता, शेती नव्हती, नोकरी नव्हती. दुकानं मात्र होती. लोकांच्या हातात पैसा कुठून येणार? मग तो रोज वाटायचा. इथे एक गोष्ट ध्यानात ठेवायला हवी. क्वांटमलिंक मिनिटाच्या हिशेबाने पैसे लावायचं. म्हणजे टोकन फुकट होतं, पण ते घ्यायला येणाऱ्या माणसाचं मीटर चालू होतं.

गावातली खरेदी व्हेंड्रॉइड नावाच्या विक्रीयंत्रांतून व्हायची, आणि नको असलेली वस्तू गहाणयंत्रात टाकली की त्याचे टोकन मिळायचे. प्रत्येक यंत्राचे भाव थोडे वेगळे ठेवले होते, बाजाराला जरा चव यावी म्हणून. त्यात दोन ठिकाणी चूक राहून गेली. एका यंत्रात बाहुली ७५ टोकनांना मिळत होती आणि गावाच्या दुसऱ्या टोकाचं गहाणयंत्र तिचे १०० देत होतं. दुसऱ्या यंत्रात स्फटिकगोल १८,००० ला होता, गहाणयंत्रात त्याचे ३०,०००. काही जणांच्या हे लक्षात आलं. एका रात्री त्यांनी होते नव्हते ते सगळे टोकन घेऊन बाहुल्या विकत घेतल्या, गाव ओलांडून गहाण टाकल्या, परत आले, पुन्हा घेतल्या. बाहुलीमागे २५ टोकन. तासन्‌तास ही ये-जा. एका स्फटिकगोलाइतके पैसे जमले तेव्हा बाहुल्या सोडून गोल सुरू केले, आणि आता प्रत्येक फेरीला १२,००० सुटू लागले. सकाळी रोजचा अहवाल आला तेव्हा गावातला एकूण पैसा एका रात्रीत पाचपट झाला होता.

चालकांना आधी वाटलं, प्रणालीतच काही बिघाड आहे. मग त्यांनी एका नवश्रीमंताला पत्र पाठवून विचारलं, हे पैसे आले कुठून? उत्तर आलं की पैसे रीतसर कमावलेत, आणि कसे ते सांगणार नाही. बऱ्याच विनवण्या केल्यावर गुपित कळलं आणि भाव दुरुस्त झाले. पैसे मात्र त्यांच्याकडेच राहिले. त्या पैशांतून या लोकांनी आपणहून गावासाठी खजिन्याच्या शोधाचे खेळ भरवले आणि साऱ्या गावाने ते आनंदाने खेळले. मॉर्निंगस्टार आणि फार्मर यांनी हे सगळं १९९० मध्ये एका निबंधात मोकळेपणाने लिहून ठेवलं. फुकट नाणं कसं मिळवायचं याची पहिली मोठी युक्ती आणि तिचा पहिला मोठा परिणाम, दोन्ही त्या एका रात्रीत आहेत. मला ही या सगळ्या कुळकथेतली सर्वांत सुंदर घटना वाटते. लुटलेलं धन गावजत्रेवर खर्च करणारी माणसं पुढच्या इतिहासात फार भेटत नाहीत.

१९९१ च्या सुमाराला कोपनहेगन विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांनी ‘मड’च्याच घराण्यातला ‘डिकूमड’ लिहिला, आणि राक्षस मारला की त्याच्या अंगावरून सोनं निघतं ही रीत तिथे पक्की झाली. राक्षस काही वेळाने पुन्हा उगवतो, त्याच्याबरोबर नवं सोनंही उगवतं. ‘अल्टिमा ऑनलाइन’ सप्टेंबर १९९७ मध्ये सुरू झाला तेव्हा राफ कोस्टर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वेगळा विचार केला होता. जगातला माल ठरावीक, तोच या हातातून त्या हातात फिरेल. लोकांनी काय केलं? साठवलं. घरं भरून कातडी, लोखंड, सदरे. माल फिरेना, म्हणून नवा माल उगवेना. शेवटी ती योजना सोडावी लागली. तेव्हापासून खेळ बनवणारे ‘नळ आणि मोरी’ ही भाषा बोलतात: पैसा कुठल्या नळांनी जगात येतो आणि कुठल्या मोऱ्यांनी निघून जातो. नळ मोठा आणि मोरी लहान झाली की महागाई. हजेरीचं नाणं हा नळ आहे. तलवारीची दुरुस्ती, घोड्याचं भाडं, बाजारातला कर या मोऱ्या आहेत.

आता या पैशाला बाहेरच्या जगात भाव येऊ लागला. मार्च १९९९ मध्ये आलेल्या ‘एव्हरक्वेस्ट’ची प्लॅटिनम नाणी लिलावाच्या संकेतस्थळांवर डॉलरमध्ये विकली जात होती. कॅलिफोर्नियातले अर्थशास्त्राचे प्राध्यापक एडवर्ड कॅस्ट्रोनोव्हा यांनी डिसेंबर २००१ मध्ये त्यावर निबंध लिहिला. एक प्लॅटिनम नाणं साधारण एका सेंटचं, म्हणजे तेव्हाच्या येन किंवा लिरापेक्षा वजनदार. एक तास खेळून माणूस सरासरी ३.४२ डॉलरची कमाई निर्माण करतो, आणि या कल्पित देशाचं दरडोई उत्पन्न रशिया आणि बल्गेरिया यांच्या मध्ये कुठेतरी बसतं, असा त्यांचा हिशेब होता. अर्थशास्त्रज्ञांनी आणि वर्तमानपत्रांनी खेळातल्या पैशाकडे गंभीरपणे पाहायला सुरुवात केली ती इथून.

पण तासाला ३.४२ डॉलर हा आकडा सगळ्यांच्या वाट्याला येत नव्हता. पत्रकार ज्युलियन डिबेल यांनी २००७ मध्ये चीनमधल्या नानजिंगच्या एका कार्यशाळेचं वर्णन केलं आहे. तिथली तरुण मुलं बारा-बारा तासांच्या रात्रपाळीत ‘वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट’मधले तेच ते राक्षस मारून सोनं गोळा करत. तासाला सुमारे ३० सेंट हातात पडत. तेच सोनं शेवटी अमेरिकेतल्या खेळाडूला कैक पटीने विकलं जाई. खेळात मुक्तहस्ते सांडलेलं सोनं वेचायला बाहेर मजूर लावावे लागले. फुकट या शब्दाचा अर्थ तिथे तुटतो.

आणि मग कोरिया. मला विचाराल तर आजच्या सगळ्या प्रकाराची खरी कूस ही आहे. नेक्सॉन या कंपनीने १९९९ मध्ये ‘क्विझक्विझ’ नावाचा प्रश्नोत्तरांचा खेळ आणला. वर्गणी लावून तो चालेना, तेव्हा त्यांनी खेळणं फुकट केलं आणि पात्राचे कपडे, केस, सजावट विकायला काढली. २००३ च्या ‘मेपलस्टोरी’मध्ये ही पद्धत ठळक दिसते: राक्षस मारून मिळणारे ‘मेसो’ एका खिशात, आणि खऱ्या पैशाने भरलेली रोकड दुसऱ्या. मेसोने औषध, शस्त्र, प्रवास. छान दिसणारे कपडे मात्र दुसऱ्या खिशातूनच.

हॅबिटॅटमध्ये एकच टोकन होतं. ज्याने हजेरीचे १०० घेतले त्याच्याही हातात तेच, ज्याने हजारो जमवले त्याच्याही हातात तेच. कोरियन पद्धतीने पैशाचे दोन वर्ण केले. धंद्यातले लोक त्यांना सॉफ्ट आणि हार्ड करन्सी म्हणतात. सॉफ्ट म्हणजे बहुधा सोनं, हार्ड म्हणजे हिरे. सोनं वाटेल तितकं मिळतं, पण ज्याची हौस आहे ते हिऱ्यांनाच मिळतं. रोजच्या चौकटीत सहा दिवस सोनं आणि सातव्या दिवशी पाच हिरे ठेवतात, ते हिऱ्याची चव लागावी म्हणून. त्या पाचांत काहीही येत नाही, पण थैलीत पाच आहेत हे दिसत राहतं. आज एखादं मूल ‘फुकट कसे मिळवायचे’ असं विचारतं तेव्हा ते कधीच सोन्याबद्दल विचारत नसतं.

या दुसऱ्या खिशात शिरायची चोरवाट लगेचच निघाली. २००९ मध्ये फेसबुकवर ‘फार्मव्हिल’ने धुमाकूळ घातला होता. खिशातून पैसे न काढता खेळातलं चलन हवं असेल तर जाहिरातदारांची एखादी ‘ऑफर’ पुरी करा, असा पर्याय अशा खेळांत असायचा. त्यातली एक चांगलीच गाजली: बुद्ध्यांक मोजणारी प्रश्नावली सोडवा, निकाल मोबाईलवर येईल. निकालासाठी नंबर द्यायचा, आलेला पिन टाकायचा, आणि तो टाकताच महिन्याला ९.९९ डॉलरची सेवा बिलात चिकटायची. त्या नोव्हेंबरात टेकक्रंच या संकेतस्थळावर मायकेल अ‍ॅरिंग्टन यांनी हे प्रकरण लावून धरलं आणि फार्मव्हिल बनवणाऱ्या झिंगाला काही काळ ऑफरच काढून टाकाव्या लागल्या. फुकट चलनाचे पैसे आता जाहिरातदार देत होता आणि ते खेळाडूच्या फोनबिलातून वसूल करत होता.

दोन खिशांमध्ये उघडा पूल ठेवणारा एक खेळ मात्र होता, आणि त्याबद्दल मला आदर आहे. रोब्लॉक्सने २००७ मध्ये रोबक्स हे चलन आणलं, आणि त्याच वर्षी तिकिटं. रोज हजेरी लावली की १० तिकिटं. तुम्ही बनवलेल्या जागेत कुणी फिरकलं की आणखी एक. ही तिकिटं खेळातल्याच बाजारात रोबक्समध्ये बदलता यायची, मागणीप्रमाणे हलणाऱ्या भावाने. एक पैसाही न भरलेलं दहा वर्षांचं पोर महिनाभर रोज येऊन, भाव पाहून, योग्य दिवशी तिकिटं विकून मोजके रोबक्स मिळवू शकत होतं. बचत, भाव, धीर हे सगळं त्यात आपसूक शिकलं जायचं. दोन चलनांमुळे नव्यांचा गोंधळ होतो असं सांगून कंपनीने १४ एप्रिल २०१६ ला तिकिटं बंद केली. मला हा निर्णय चुकीचा वाटतो. त्यानंतर खेळाच्या आत न भरता रोबक्स मिळवायचे तर स्वतः काहीतरी बनवून विकणं, एवढाच सरळ रस्ता उरला. तो चांगला रस्ता आहे, पण तो कष्टाचा आणि कौशल्याचा आहे, नुसत्या हजेरीचा नाही.

रिकाम्या झालेल्या जागेत ‘जनरेटर’ म्हणवणारी पानं फोफावली. पान उघडतं, खेळातलं नाव विचारतं, किती हजार रोबक्स हवेत ते निवडायला लावतं. एक पट्टी भरत जाते, हिरवी अक्षरं पळतात, शंभर टक्के होतं. मग एकच पायरी उरते: तुम्ही माणूस आहात हे सिद्ध करा. त्यासाठी दोन अ‍ॅप उतरवा किंवा सर्वेक्षण भरा. रोबक्स कंपनीच्या सर्व्हरवर नोंदलेले असतात, बाहेरचं कुठलंही पान ते निर्माण करू शकत नाही. त्या पानाला उतरवलेल्या प्रत्येक अ‍ॅपमागे दलाली मिळते. काही पानं पुढे जाऊन पासवर्डच मागतात.

आपल्याकडे हे सगळं फ्री फायरमधले हिरे आणि पबजीतली यूसी या नावांनी आलं. पबजी मोबाईलवर सप्टेंबर २०२० मध्ये बंदी आली, फ्री फायरवर फेब्रुवारी २०२२ मध्ये. पण पबजीच्या जागी आलेला ‘बीजीएमआय’ आणि फ्री फायरचीच आवृत्ती असलेला ‘फ्री फायर मॅक्स’ गावोगावच्या पारावर खेळले जाऊ लागले. मराठी बातम्यांच्या संकेतस्थळांवरही ‘आजचे रिडीम कोड’ छापून येऊ लागले. बारा किंवा सोळा इंग्रजी अक्षरं-आकड्यांचे हे कोड कंपनीनेच सोडलेले असतात, पण मोजक्या वेळापुरते. त्यातून बहुधा हिरे नव्हे, बंदुकीचे रंग किंवा कपडे मिळतात.

माझा भाचा सुट्टीत असाच एक कोड घेऊन बसला होता. सोळा अक्षरं एकेक करून भरली, शून्य आणि ओ यांची दोनदा अदलाबदल केली. पानाने कोड घेतला नाही. पाहुणा म्हणून, म्हणजे गेस्ट खात्यावरून खेळणाऱ्याला कोड वापरता येत नाही, हे त्याला माहीत नव्हतं. “मामा, तुझं गुगल टाकू का?” त्याने विचारलं. मी नाही म्हटलं आणि का ते सांगितलं. कोडचं पान, जनरेटरचं पान, दोन्हीतला फरक दाखवला. त्याने शांतपणे ऐकून घेतलं, आणि ताईचा फोन आणला.

“आईच्या फोनमध्ये ओपिनियन रिवॉर्ड्स आहे. त्यातून रुपये येतात, त्याचे हिरे घेता येतात. आई म्हणाली, भर.”

हे खरं आहे. गुगलच्या त्या अ‍ॅपमध्ये छोटी सर्वेक्षणं येतात आणि उत्तरांबद्दल काही रुपये प्ले स्टोअरच्या खात्यावर जमा होतात. फसवणूक नाही, कुठे लपवाछपवी नाही. पडद्यावर पहिला प्रश्न आला होता: यांपैकी कोणत्या दुकानात तुम्ही अलीकडे गेला होतात? खाली चार दुकानांची नावं होती, त्यातलं एक आदल्या संध्याकाळी आम्ही सगळे गेलो होतो ते. भाच्याने ताईला हाक मारून विचारलं, “आई, खरं सांगायचं ना?” ती स्वयंपाकघरातून बाहेर आली, तिने प्रश्न वाचला, आणि तो कोण विचारतंय, कशासाठी विचारतंय, याची आमची त्या दिवशीची दुसरी चर्चा सुरू झाली.