२४० दिवस आणि मस्टरचं पान

आपल्या डहाणू-तलासरीत सरकारी खात्यातली टेंपररी नोकरी काय असते ते मी वेगळं सांगायला नको. वनखात्याची रोपवाटिका, बांधकाम खात्याचा रस्ता, आश्रमशाळेचं स्वयंपाकघर. ही नोकरी जाते तेव्हा हातात कागद येत नाही. ‘उद्यापासून नको येऊस’ एवढंच. मग हक्क मागायचा कशाच्या जोरावर?

आपल्याकडे ही गोष्ट झरीपासून सुरू होते. २३ मे १९४५ ला तिथे वारली जमले, गोदावरी परुळेकर सोबत होत्या, आणि वेठ करायची नाही असं ठरलं. फुकट राबवणं थांबलं. पण पगार देऊनही माणसाला वर्षानुवर्षं ‘तात्पुरता’ ठेवता येतं, ही युक्ती पुढची.

तिच्यावरचा उतारा १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात १९५३ साली आला, कलम २५-एफ. वर्षभरात २४० दिवस भरलेल्या कामगाराला कमी करायचं तर महिन्याची नोटीस किंवा तेवढा पगार, शिवाय प्रत्येक पूर्ण वर्षामागे १५ दिवसांचा पगार. आता कळलं ना, मधेच ‘ब्रेक’ का देतात?

सरकार म्हणायचं, आमचं खातं म्हणजे काय कारखाना आहे? महाराष्ट्राच्या वनखात्याने हेच सुप्रीम कोर्टात सांगितलं, पुण्याच्या वनमजुरांच्या केसमध्ये. डिसेंबर १९९५ मध्ये कोर्टाने ते फेटाळलं. आणि राज्याच्या १९७१ च्या कायद्याकडे बोट दाखवलं: कायमपणाचे फायदे द्यावे लागू नयेत म्हणून माणसाला वर्षानुवर्षं टेंपररी ठेवणं ही अनुचित कामगार प्रथा आहे. माझ्या मते आपल्या भागातल्या प्रत्येक रोजंदारी माणसाला ही केस माहीत हवी.

मग २००६ चा उमादेवी निकाल आला. भरतीचे नियम डावलून घेतलेल्यांना नुसत्या जुन्या नोकरीवर कायम होता येणार नाही. कित्येक खात्यांनी तो सगळ्यांच्याच तोंडावर फेकला. पण २००९ मध्ये एसटीच्या सफाई कामगारांच्या केसमध्ये सुप्रीम कोर्ट म्हणालं की अनुचित प्रथा सिद्ध झाली तर औद्योगिक न्यायालय अजूनही कायम करू शकतं. डिसेंबर २०२४ मध्ये तर केंद्रीय जल आयोगातल्या सफाई कामगारांना आणि माळ्याला परत घेऊन कायम करायला लावलं. तेही उमादेवीला धरूनच!

पण मंडळी, हे सगळं ‘दिवस भरले’ हे सिद्ध झालं तर. माझं रोजचं काम सर्व्हरचे लॉग वाचायचं. लॉग ज्याच्या ताब्यात, त्याचंच म्हणणं शेवटी खरं ठरतं. इथे लॉग म्हणजे मस्टर, आणि मस्टर साहेबाच्या कपाटात. २००२ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की २४० दिवस कामगारानेच सिद्ध करायचे, नुसतं स्वतःचं प्रतिज्ञापत्र चालणार नाही. पगाराची पावती नाही, ऑर्डर नाही, तो काय दाखवणार? २००५ मध्ये थोडी वाट मोकळी झाली. हिप्परगी धरणावरच्या रोजंदारी कामगाराने इंजिनिअरच्या सहीचा दाखला जपून ठेवला होता. खात्याने मस्टर पूर्ण दाखवलं नाही. कामगार जिंकला. मस्टर कोर्टापुढे आणा अशी मागणी कामगार करू शकतो, हेही त्यात स्पष्ट झालं.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून १९४७ च्या कायद्याच्या जागी औद्योगिक संबंध संहिता आलीय. महिन्याची नोटीस आणि १५ दिवसांचा हिशोब तिच्यातही आहे.

आता तारखांचं गणित बघा. १९७१ च्या कायद्यात तक्रारीला ९० दिवस. माहिती अधिकारात मस्टरची प्रत मागितली तर उत्तराला ३० दिवस. म्हणजे नोकरी गेल्यावर अर्ज केला तर एक तृतीयांश मुदत तिथेच गेली. अर्ज १० रुपयांचा आहे, कामावर असतानाही करता येतो. आणि हजेरीचं पान समोर आलंच कधी, तर खिशातला फोन काढा.