यंत्राला दारात अडवणारे

विद्यार्थी मित्रहो, ज्या संगणकाच्या वर्गासाठी आज तुमचे पालक पोटाला चिमटा काढून फी भरतात, तोच संगणक याच देशातील कारकुनांनी एकेकाळी दारात अडविला होता, हे तुम्हांस ठाऊक आहे काय?

गोष्ट 1960च्या दशकातली. आयुर्विमा महामंडळाने मुंबईत संगणक आणला आणि आणखी एक कलकत्त्यास बसविण्याचे ठरविले. तेथील कर्मचाऱ्यांनी इलाको हाऊस या इमारतीवर रात्रंदिवस पहारा ठेवला. नोकऱ्या जातील ही त्यांची भीती होती, आणि वाट अडविणे हेच त्यांचे हत्यार.

इंग्लंडातील लुडाइट कारागिरांनी 1811 साली हातोडा उचलला होता. मात्र सरसकट नव्हे. हलका माल काढून मजुरी पाडणाऱ्या मालकांचे माग ते फोडीत, इतरांचे सोडून देत. 1812 मध्ये पार्लमेंटने या गुन्ह्यास फाशीची शिक्षा ठेवली. पालकांनो, तुमच्यापैकी काहींचे वाडवडील हातमागाचे कसब घेऊन उत्तरेकडून मालेगाव-भिवंडीस आले आणि पुढे मुंबईच्या गिरण्यांनी टाकून दिलेले माग घेऊन बसले. यंत्र पोटावर मारते आणि पोटही भरते, हे त्या मोमीन घराण्यांना कोणी शिकवावे लागत नाही.

आपल्याकडे तंटा कागदावर आला. पुण्याचे अर्थशास्त्रज्ञ वि. म. दांडेकर यांच्या समितीने स्वयंचलनावर 1972 साली अहवाल दिला. 1983 साली बँक कर्मचारी संघटनांनी मर्यादा घालून यंत्रे मान्य करणारा लेखी करार केला. (शाखेत आलेल्या यंत्राचे नावही संगणक नव्हते, 'लेजर पोस्टिंग मशीन' होते!) इकडे अंधेरीस 1973 साली सीप्झ उभे राहिले होते आणि तेथे परदेशासाठी प्रोग्राम लिहिले जाऊ लागले होते. कारकुनांना प्रगतीचे शत्रू म्हणण्याची पद्धत आहे. मला ते पटत नाही. यंत्र कोणत्या अटीवर येणार, एवढेच ते विचारीत होते.

आज पहारा ठेवावा असे दारच उरलेले नाही. नोकरीचा अर्ज चाळणारी, कर्जदार पारखणारी कृत्रिम बुद्धिमत्ता डोळ्यांस दिसत नाही. तरीही हातोडा आहे. जानेवारी 2024 मध्ये शिकागो विद्यापीठातून 'नाइटशेड' नावाचे साधन बाहेर पडले. चित्रकाराने ते आपल्या चित्रावर चालविले की पाहणाऱ्यास फारसा फरक जाणवत नाही. पण न विचारता अशी चित्रे उचलून त्यांवर शिकणारे यंत्र कुत्र्याच्या जागी मांजर काढू लागते. ते घडविणारे संगणकशास्त्राचेच अध्यापक आणि विद्यार्थी आहेत.