चैत्याच्या मागे फिरणारा कॅमेरा

‘सैराट’चा शेवट आठवा. आवाज बंद. एक लेकरू रडत घराबाहेर पडतं आणि मागे तांबड्या पावलांचे ठसे उरतात. नागराज मंजुळे सगळ्यांना माहीत. पण तो क्षण टिपणाऱ्याचं नाव? सुधाकर रेड्डी यक्कंटी. माणूस तेलुगू, शिक्षण पुण्याच्या एफटीआयआयमध्ये. ‘देऊळ’ (२०११), ‘सैराट’ (२०१६), ‘झुंड’ (२०२२), तिन्हींचा कॅमेरा त्यांचाच. कॅमेरामनचं नाव पोस्टरवर भिंगातून शोधावं लागतं, हे जुनंच दुखणं.

२०१८ मध्ये त्यांनी ‘नाळ’ दिग्दर्शित केला, कॅमेराही स्वतःच धरला. चैत्या झाला अमरावतीचा श्रीनिवास पोकळे. आमची वऱ्हाडी पडद्यावर यायची ती बहुतेकदा हशा पिकवायला. इथे त्याच बोलीत एक पोर, आपण दत्तक आहोत हे कळल्यावर, खऱ्या आईची वाट पाहतं. ‘जाऊ दे न व’ या गाण्यातला तो ‘व’ लाडीगोडीचा. पुण्या-मुंबईच्या पोरांनाही तो समजावून सांगावा लागला नाही. आणि ही बोली इतक्या मायेनं ऐकणारा दिग्दर्शक परभाषिक! कॅमेरा कुठे घाई करत नाही, चैत्याच्या मागे मागे हिंडतो, म्हशीच्या गोठ्यापर्यंत.

६६व्या राष्ट्रीय पुरस्कारांत दिग्दर्शकाला पदार्पणाचा, तर श्रीनिवासला बालकलाकाराचा पुरस्कार मिळाला. ‘नाळ भाग २’ (२०२३) ७१व्या पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट बालचित्रपट ठरला. श्रीनिवासचं नाव यादीत पुन्हा होतं, या वेळी त्रिशा ठोसर आणि भार्गव जगतापच्या जोडीनं.