अजमानचा शनिवार



प्रवासातून घडलेल्या इतिहासाच्या ओळखीविषयी मी चार शब्द बोलावे, अशी सूचना चिटणीसांकडून आली, तेव्हा मी प्रथम नकारच दिला होता. मी इतिहासाची पदवीधर नाही. परिचारिकेची पदविका आणि रुग्णशय्येजवळ उभे राहून घालविलेली पस्तीस वर्षे, एवढेच माझे शिक्षण. शिवाय परदेश म्हटले की आपल्या समाजात प्रथम इस्राएलचे नाव निघते. मला मात्र ज्या भूमीने आपला इतिहास शिकविला, ती निराळी आहे. तिचे नाव अजमान. संयुक्त अरब अमिरातींतील ही सर्वांत लहान अमिरात. क्षेत्रफळ सुमारे २६० चौरस किलोमीटर, म्हणजे आपल्या अलिबाग तालुक्याहूनही कमी.

आपल्या पूर्वजांची कथा येथील लहान मुलांनाही पाठ आहे. गलबत फुटले, सात पुरुष व सात स्त्रिया नवगावच्या किनाऱ्यास लागल्या, ग्रंथ समुद्रात गेले, आणि उरल्या दोन-चार गोष्टी : शेमाची प्रार्थना, आठव्या दिवसाची सुंता, खाण्यापिण्याचे काही नियम आणि शब्बाथ. पूर्वज केव्हा व कोठून निघाले याविषयी विद्वानांत मतभेद आहेत. हाईम सॅम्युएल किहीमकर यांनी १८९७ मध्ये लिहून पूर्ण केलेल्या आणि १९३७ मध्ये तेल अवीव येथे छापल्या गेलेल्या आपल्या इतिहासात हा काळ इसवी सनापूर्वी १७५ च्या सुमाराचा मानला आहे. कोणी त्यांना येमेनहून आलेले मानतात. परंतु अरबस्तानाला वळसा घालणारे पाणी ओलांडल्यावाचून कोकण येत नाही, याविषयी वाद नाही.

कोकणात आपण तेलाचे घाणे चालविले, आणि शनिवारी ते बंद ठेवले. म्हणून लोकांनी आपणांस 'शनवार तेली' म्हटले. या नावात तुच्छता नव्हती, ओळख होती. मोशे बेन मैमोन, म्हणजे रांबाम, यांनी बाराव्या शतकाच्या अखेरीस फ्रान्समधील लुनेलच्या विद्वानांस लिहिलेल्या पत्रात हिंदुस्थानातील यहुद्यांचा उल्लेख केला आहे. शब्बाथ आणि आठव्या दिवसाची सुंता यांखेरीज त्यांना धर्माचे काही ठाऊक नाही, असा त्याचा आशय आहे. हे वाचून पूर्वी मला संकोच वाटे. आता वाटत नाही. का, ते पुढे सांगते.

मी अजमानला गेले ती १९८२ साली, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी. यजमानांची गिरणी संपात बंद पडली होती आणि दोन मुले शाळेत होती. मुंबईच्या एका दलालामार्फत तेथील एका रुग्णालयात जागा मिळाली. व्हिसाच्या अर्जावर धर्माचा रकाना होता. दलालाने माझ्या आडनावाकडे पाहिले, क्षणभर थांबला आणि त्याने 'हिंदू' असे लिहिले. "बाई, उगाच भानगड नको," एवढेच तो म्हणाला. मी काही बोलले नाही. किहीमकर, रोहेकर, पेणकर, दिवेकर अशी गावांवरून पडलेली आपली आडनावे कोकणच्या मातीशी आपल्याला बांधून ठेवतात. त्याच 'कर'ने मला अजमानमध्ये नऊ वर्षे झाकून ठेविले.

त्या वेळी तेथे साप्ताहिक सुट्टी शुक्रवारची असे. रुग्णालयास अर्थातच सुट्टी नसते. शुक्रवारची सकाळची पाळी कोणासच नको असे, ती मी मागून घेई. सहकारी मैत्रिणींना तो माझा चांगुलपणा वाटे. खरे कारण असे की तीन वाजता मोकळी झाले म्हणजे सूर्यास्तापूर्वी खोलीवर पोहोचता येई. खोलीत पडदा ओढून घ्यावयाचा, काचेच्या पेल्यात पाणी व तेल घालून वात लावावयाची, आदल्या दिवशी भिजत घातलेल्या काळ्या मनुकांचे सरबत गाळून किद्दूश करावयाचा. आवाज दाराबाहेर जाणार नाही इतक्या हळू.

शनिवारी मात्र कामावर जावेच लागे. जीव वाचविण्याकरिता शब्बाथ बाजूस ठेवावा, ही आपल्या धर्माचीच आज्ञा आहे, म्हणून त्याची टोचणी मला नव्हती. टोचणी निराळीच होती. पाळ्यांचा तक्ता इंग्रजी व अरबी अशा दोन्ही भाषांत भिंतीवर लागे. अरबी अक्षरे शिकल्यावर एके दिवशी मी तो वाचू लागले आणि शनिवारच्या रकान्याशी थबकले. तेथे 'अस्-सब्त' असे लिहिले होते. अरबीत शनिवारचे नावच शब्बाथ आहे! जे मी पडद्याआड लपवीत होते, ते त्या देशातील प्रत्येक दिनदर्शिकेवर उघड छापलेले होते. रुग्ण मला 'उख्ती' म्हणत, म्हणजे माझी बहीण. हिब्रूत तेच 'अखोती' होते.

आता एका रुग्णाविषयी सांगते. सत्तरीच्या पुढचा वृद्ध होता, पायाची जखम चिघळून आलेला. तो नाखुदा, म्हणजे जहाजाचा तांडेल होता. आपल्या कोळी बांधवांचा 'नाखवा' हा शब्द त्याच 'नाखुदा'वरून आला आहे. लहानपणी तो मोत्यांच्या गलबतावर बुड्या मारीत असे. नाकाला चिमटा, पायाला दगड, कमरेला दोर; दोर हलविला की वरचा माणूस त्याला ओढून घेई. उन्हाळ्याचे चार महिने हेच काम. त्याचे दोन्ही कानांचे पडदे फाटलेले होते. अशा वृद्धांचे कान तपासताना हा प्रकार आम्हांला वारंवार दिसे. पाण्याच्या दाबाने बुडीवाल्यांचे कान जात.

त्याला मोडके हिंदुस्थानी येत असे, कारण त्याच्या तरुणपणी अजमानचे मोती अखेर मुंबईच्याच बाजारात येत. ते तेथे पारखले, विंधले जात आणि युरोपात रवाना होत. अजमानमध्ये नाणेही आपलेच चाले. हिंदुस्थानचा रुपया तेथे इतका रुळला होता की १९५९ मध्ये भारत सरकारने आखाताकरिता निराळ्या नोटा काढल्या, आणि १९६६ मध्ये रुपयाचे अवमूल्यन झाले तेव्हाच त्या किनाऱ्याने रुपया सोडला. त्याआधी शतकभर राज्यव्यवहाराचे दोरही हिंदुस्थानातून हलत. १८२० चा जो तह अजमानच्या शेखांसह त्या किनाऱ्यावरील प्रमुखांनी केला, तो मुंबईहून गेलेल्या आरमारी मोहिमेनंतरचा. मोत्यांचा धंदा मात्र १९३० च्या सुमारास बसला. जगात मंदी आली आणि जपानचे संवर्धित मोती बाजारात उतरले. हा वृद्ध मग मालवाहू गलबतावर चढला. अजमानच्या खाडीवर गलबते बांधण्याचे मोठे कारखाने होते, आणि त्यांचे लाकूड मलबारचे सागवान. त्याला अरबीत 'साज' म्हणतात, आपण 'साग' म्हणतो.

एके शुक्रवारी मी त्याची पट्टी बदलीत असता तो म्हणाला, "उख्ती, सगळे शुक्रवारची सकाळ मोकळी मागतात. तू काम मागून घेतेस आणि ऊन उतरण्याआधी पळतेस. मुंबईत आणि बहारीनला सब्तच्या दिवशी दुकान बंद ठेवणारे व्यापारी मी पाहिले आहेत. तू त्यांच्यापैकी का?"

बांधवहो, त्याच्या स्वरात द्वेष नव्हता, संशयही नव्हता. ओळखीचा माणूस भेटल्याचे कुतूहल होते. मी म्हणाले, "नाही बाबा." त्याला ऐकू आले नाही. तेव्हा मला ते 'नाही' मोठ्याने म्हणावे लागले. संपूर्ण कक्षाने ते ऐकले. "नाही, मी मराठी आहे." जणू मराठी असणे आणि यहुदी असणे या दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत!

त्याने मान डोलाविली आणि पुन्हा तो विषय काढला नाही. परंतु पुढच्या शुक्रवारी माझे काम रेंगाळले तेव्हा खिडकीकडे बोट दाखवून तो म्हणाला, "उख्ती, सूर्य उतरतो आहे. घरी जा." रुग्णालयातून जाईपर्यंत दर शुक्रवारी तो असे म्हणत असे. त्याला सर्व कळले होते, आणि त्याने ते कोणास सांगितले नाही. रमजानपूर्वी तो घरी गेला. मी त्याला खरे उत्तर कधीच दिले नाही.

आखाती युद्धानंतर १९९१ मध्ये मी परतले. निवृत्तीनंतर वाचनास वेळ मिळाला, तेव्हा बाराव्या शतकातील यहुदी प्रवासी तुदेलाचा बेंजामिन हाती आला. त्याने आखातातील किश बेटावर सुमारे ५०० आणि अरबस्तानच्या किनाऱ्यावरील कतीफ येथे सुमारे ५००० यहुदी असल्याचे नोंदविले आहे. कतीफच्या मोत्यांचे वर्णन करून तो सांगतो की त्या व्यवसायावर राजाच्या वतीने एक यहुदी अधिकारी देखरेख करी. १५९० मध्ये व्हेनिस येथे छापलेल्या गास्पारो बाल्बी या जवाहिऱ्याच्या प्रवासवृत्तात त्याच मोत्यांच्या किनाऱ्यावरील गावांच्या यादीत अजमानचेही नाव आहे. आणि अजमानच्या उत्तरेस, रस-अल-खैमाजवळच्या शिमल येथे, मोशेचा पुत्र दावीद याच्या कबरीची हिब्रू अक्षरांतील शिळा सापडली आहे. मी ज्या किनाऱ्यावर स्वतःस एकटी समजत होते, तेथे आपली माणसे माझ्या कितीतरी आधी राहिली, व्यापार करून गेली आणि मातीतही विसावली होती.

२०२३ च्या मार्चमध्ये मी पुन्हा अजमानला गेले. माझी भाची आता तेथे नोकरीस आहे. गाव ओळखू येईना. जुना किल्ला तेवढा जागच्या जागी होता. १९७० पर्यंत शासकांचे घराणे तेथे राहत असे, पुढे तेथे पोलीस ठाणे झाले, आणि आता वस्तुसंग्रहालय आहे. मुवैहात भागात सांडपाण्याची वाहिनी खोदताना १९८६ मध्ये एक गोल थडगे निघाले होते, त्याची चर्चा मला आठवत होती. ते चार हजारांहून अधिक वर्षांपूर्वीचे आहे. त्या काळच्या अमिरातींतील थडग्यांतून सिंधू संस्कृतीच्या प्रदेशातील तांबडे मणी निघाले आहेत, म्हणजे हा जलमार्ग आपल्या पूर्वजांच्याही कितीतरी आधी रहदारीचा होता.

भाचीने मला अबू धाबीस नेले. तेथे सादियात बेटावर त्या वर्षीच उघडलेल्या अब्राहमी कुटुंबगृहात मशीद, चर्च आणि सिनेगॉग अशा तीन सारख्या आकाराच्या इमारती शेजारी शेजारी उभ्या आहेत. सिनेगॉगला नाव दिले आहे मोशे बेन मैमोन यांचे. ज्यांनी आपल्याविषयी 'यांना शब्बाथ तेवढा ठाऊक आहे' असे लिहिले, त्यांच्याच नावाच्या वास्तूत मी उभी होते. आपल्या पूर्वजांजवळ ग्रंथ नव्हते, हिब्रू नव्हती, पण त्यांचा शनिवार साऱ्या गावाला ठाऊक होता. मजजवळ सिद्दूर होता, पदविका होती, पगार होता, आणि माझा शनिवार मी लपविला. रांबाम यांचे ते वाक्य मला तेव्हापासून उणेपणाचे वाटत नाही.

मी भित्री होते, असे म्हणून स्वतःस फार दोष द्यावा असेही मला वाटत नाही. मुले वाढवावयाची होती, आणि तो काळ तसा होता. २०२३ नंतर तर पश्चिम आशियात वारे पुन्हा फिरले आहे. सावध राहणे हे पाप नव्हे. परंतु सावधपणा आणि नाकारणे यांत अंतर आहे. मला गप्प राहता आले असते. त्या वृद्धाने विचारले तेव्हा हसून पट्टी बांधता आली असती.

त्या मार्चमधील शुक्रवारी भाचीच्या घरी दिवे लावण्याची वेळ झाली, तेव्हा मी आपोआप उठून पडदा ओढला. तिच्या आठ वर्षांच्या मुलीने विचारले, "आजी, पडदा का लावतेस? उद्या तर सगळ्यांनाच सुट्टी आहे." तिचे खरे होते. २०२२ पासून अजमानमध्ये सरकारी सुट्टी शनिवार-रविवारची झाली आहे. मी पडदा पुन्हा सारला, आणि त्या रात्री प्रथमच त्या नाखुद्याची गोष्ट घरातल्या माणसांस सांगितली.

तुमच्या घरांतही आखातात राहून आलेली, कराचीत वा एडनमध्ये नोकरी केलेली वडीलधारी माणसे असतील. त्यांना काय लपवावे लागले, हे त्यांना आजच विचारा आणि लिहून ठेवा. इतिहासकारांस कबरींच्या शिळा सापडतात, पडद्यामागचे दिवे सापडत नाहीत. माझे उत्तर ज्याला द्यावयाचे होते, तो आता या जगात नसेल. म्हणून ते आज येथे देते : होय बाबा, मी त्यांच्यापैकीच.

शालोम.