‘मानापमाना’ची चाल कोणाची?

राधानगरीत, शाहू महाराजांनी आपल्या कन्येच्या नावाने वसवलेल्या या गावात, मी वर्गात एकदा विचारले : ‘संगीत मानापमान’ कोणी पाहिले आहे? एकही हात वर झाला नाही. त्यातील एक पद ऐकवले, तेव्हा मात्र तिघांनी चाल ओळखली. नाटक गेले, चाल राहिली.

१९११ साली किर्लोस्कर मंडळीने रंगभूमीवर आणलेल्या खाडिलकरांच्या या नाटकाला चाली दिल्या गोविंदराव टेंबे यांनी. पुढे ही पदे नाटकाबाहेर पडली आणि ख्यालानंतर मैफलीत गायली जाऊ लागली. आपले अभ्यासक याला नाट्यसंगीताचा विजय म्हणतात. पण ही चाल मुळात कोठून आली, हे विचारायला त्यांना सवड नसते.

टेंब्यांनी पूरबेकडील ठुमरी, दादरा, कजरीचा ढंग रंगभूमीवर आणला. हे गाणे जपले होते कोठीवरच्या बायकांनी. त्यांतील गौहरजानने १९०२ साली कलकत्त्यात ग्रामोफोनसाठी गाणे दिले. त्या जुन्या तबकड्यांवर गाणे संपताच ती स्वतःचे नाव ठणकावून सांगते. सभ्य घरांनी जिच्या सावलीला नाक मुरडले, तिच्या परंपरेतील सूर नाटकाच्या मांडवातून सोवळ्यात घेतले गेले. नाव मात्र उंबऱ्याबाहेरच राहिले.

अमेरिकेत प्रवास उलटा झाला. ‘माय फेव्हरिट थिंग्ज’ हे १९५९ च्या ‘द साउंड ऑफ म्युझिक’ या गोऱ्यांच्या संगीतनाटकातले साधे गाणे. जॉन कोल्ट्रेन या काळ्या वादकाने १९६० साली ते सॅक्सोफोनवर घेतले आणि पावणेचौदा मिनिटे असे उलगडले की जाझवाले ते आज त्याचेच मानतात. मालकी कागदावर राहिली, गाणे त्याच्याकडे आले.

आपल्याकडे असे कोणी केलेच नाही काय? दीनानाथ मंगेशकरांनी केले. मंगेशीच्या देवळाच्या सेवेतील येसूबाईंचा हा मुलगा. बळवंत संगीत मंडळीत धैर्यधर उभा करताना त्यांनी ठरलेल्या चालीला आपल्या आक्रमक गायकीने असे वळवले की ऐकणाऱ्याला मूळ चालच फिकी वाटावी. त्यांच्या थोरवीचे गोडवे गाणारे येसूबाईंपाशी आले की घाईने पुढे सरकतात. कोल्हापूरच्या केशवराव भोसल्यांनाही (१९२१ च्या ‘संयुक्त मानापमाना’तील धैर्यधर तेच) गरिबीतूनच वर यावे लागले.

आणि आमची माणसे? ती नाट्यगृहात कोणत्या दाराने जात, की जातच नसत, हा वेगळा विषय आहे. पण चाल दाराबाहेरही ऐकू येते. आंबेडकरी जलशांनी लोकांच्या ओठांवरच्या चाली उचलल्या आणि त्यांत पाणवठ्याचा, शाळेचा, संघटनेचा मजकूर भरला. भीमराव कर्डकांनी १९७८ साली या जलशांवर स्वतंत्र पुस्तक लिहिले. मैफलीच्या इतिहासकारांच्या टेबलावर ते क्वचितच दिसते. चाल बदलली तर ते कलेचे धाडस, शब्द बदलले तर मात्र तो निव्वळ प्रचार, हा न्याय कोणी ठरवला?

त्या दिवशी तास संपल्यावर एक विद्यार्थिनी थांबली. म्हणाली, ‘सर, या चालीवर १४ एप्रिलला आपलं गाणं बसवता येईल का?’ आम्ही बसवून पाहिले. मुखडा सहज बसला. तानेच्या जागी शब्द अडखळू लागले. तेव्हा ती तान आम्ही काढून टाकली आणि तिथे हलगी घेतली.