कामतांची मोजपट्टी

मुलाची बुद्धी मोजावयाची ती कोणत्या भाषेत, हा प्रश्न कर्नाटकाला नवा नाही. पॅरिसमध्ये १९०५ साली आल्फ्रेड बिने व थिओडोर सिमोन यांनी बुद्धिमापनाची कसोटी सिद्ध केली, ती शाळेत मागे पडणाऱ्या आणि वेगळ्या साहाय्याची गरज असलेल्या मुलांना ओळखण्यासाठी. अमेरिकेत लुईस टर्मन यांनी १९१६ मध्ये तिला नवे रूप दिले. त्यात नाणी ओळखणे, यमक जुळवणे, शब्दांचे अर्थ सांगणे असे प्रश्न होते. त्यांचे नुसते भाषांतर आपल्या मुलांच्या काय कामाचे? अमेरिकेतील नाणे ओळखता आले नाही म्हणून धारवाडच्या मुलाला मंदबुद्धी ठरवणे हा शुद्ध अन्याय झाला असता.

त्या वेळच्या मुंबई इलाख्यातील धारवाड भागात व्ही. व्ही. कामत यांनी ही कसोटी कन्नड आणि मराठी अशा दोन्ही भाषांत बसवली. त्यांचा ‘मेझरिंग इंटेलिजन्स ऑफ इंडियन चिल्ड्रन’ हा ग्रंथ १९४० साली प्रसिद्ध झाला. सीमाभागात पुढे भाषेवरून बरेच काही घडले. त्याआधी दोन्ही भाषांची मुले एका संशोधकाच्या कामात शेजारी बसली होती, हे फारसे कोणाच्या स्मरणात नाही.

गणित सोपे होते. दहा वर्षांच्या मुलाची उत्तरे सहा वर्षांच्या मुलाइतकी असतील, तर बुद्ध्यंक ६०. बंगळूरमध्ये १९७४ साली निम्हान्सची स्थापना झाली, त्यानंतरही कित्येक दशके देशभरातील मानसशास्त्रज्ञ ‘बिने-कामत’ वापरीत राहिले. दोष नेमका येथे शिरला. पिढ्या बदलल्या, मुलांचा अनुभव वाढला. जुन्या मोजपट्टीवर आजच्या मुलाचा आकडा फुगतो. मग ज्याला खरोखर साहाय्य हवे तेच मूल सत्तरच्या वर दिसते आणि प्रमाणपत्रास मुकते.

२०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याने दिव्यांगत्वाचे प्रकार ७ वरून २१ केले व त्यांत विशिष्ट अध्ययन अक्षमतेचाही समावेश केला. २०१८ च्या केंद्रीय मार्गदर्शक सूचनांनी तिच्या निदानासाठी निम्हान्सची चाचणीमाला नेमून दिली. तथापि मराठी शाळेत शिकणाऱ्या मुलास इंग्रजी उतारा वाचता आला नाही, तर ती अक्षमता की केवळ भाषेचा अपरिचय? तपासणीस जाताना त्याच्या मराठी वह्या सोबत न्याव्यात; अक्षरांची उलटापालट, गळलेल्या मात्रा, अर्धवट सुटलेली वाक्ये तेथे तज्ज्ञांच्या नजरेस पडतात.