तीन पिढ्यांची विद्या

वडिलांचा धंदा मुलाने चालवावा की सोडावा, हा प्रश्न आज आपल्या ज्ञातीत घरोघरी उभा आहे. त्याचा विचार करताना जर्मनीतील म्युन्स्टर येथील शूरमन घराण्याचा इतिहास आम्हांस उद्बोधक वाटला. तो ज्ञातिबांधवांपुढे ठेवीत आहो. सायकलींच्या शर्यतींसाठी धावपट्ट्या आखणे हा या वास्तुशिल्पी घराण्याचा पिढीजात व्यवसाय होय.

मूळपुरुष क्लेमेन्स शूरमन (१८८८–१९५७) हे आरंभी स्वतः शर्यतींत उतरणारे सायकलपटू होते. भरधाव आलेला स्वार वळणावर बाहेर फेकला जाऊ पाहतो. म्हणून तेथे पट्टीची बाहेरील कड उंच करावी लागते. परंतु ही चढण एकाएकी आली तर तोल जातो. सरळ भागाचा सौम्य उतार वळणाच्या तीव्र उतारात बेमालूम मिळविणे, हेच या विद्येचे मर्म. मिलान येथील विगोरेल्ली मैदानाची सुमारे ४०० मीटरची लाकडी पट्टी क्लेमेन्स यांच्या आखणीची. ती १९३५ साली खुली झाली. तिच्यावरच १९४२ साली फाउस्तो कोप्पी याने एका तासात ४५.७९८ किलोमीटर अंतर कापून जागतिक विक्रम केला.

पुत्र हर्बर्ट यांनी म्युनिकच्या १९७२ च्या ऑलिंपिकची पट्टी आखली. तिची लांबी सुमारे २८५ मीटर. साडेतीन फेऱ्यांत एक किलोमीटर पुरा होई. नातू राल्फ यांच्या काळी छपराखालील २५० मीटरची पट्टी रूढ झाली. बीजिंग येथील २००८ च्या ऑलिंपिकची पट्टी त्यांनी तशीच आखली.

येथेच बोध आहे. पट्टी आखूड झाली की वळण आवळते, आणि वेग तोच राखावयाचा तर उतार अधिक उभा करावा लागतो. २५० मीटरच्या पट्टीवर तो ४२ अंशांच्या आसपास वा त्याहूनही अधिक असतो. अर्थात आजोबांचा नकाशा नातवास जसाच्या तसा उपयोगी पडणे शक्य नव्हते. गणित प्रत्येक पिढीस नव्याने मांडावे लागले.

तात्पर्य, नाव वारशाने मिळते, विद्या मिळत नाही. मुलाने वडिलांची गादी चालवावी. परंतु प्रथम वडिलांइतके, आणि मग वडिलांपलीकडचे शिकावे. ज्यास हे साधणार नाही, त्याने अन्य मार्ग धरल्यास घराण्यास कमीपणा नाही. न शिकता गादीवर बसण्यात मात्र तो खचित आहे.